पुठ्ठ्यावरचं शेवटचं प्रकरण

त्या कादंबरीतला खून कुणी केला हे मला अजून माहीत नाही. ज्याला ते ठाऊक आहे असं एकच माणूस सोलापुरात माझ्या ओळखीचं आहे आणि ते मला रोज दोन वेळा जेवायला वाढतं. वाढताना हसतं. सांगत मात्र नाही.

मी गोंदियाकडचा, भाताच्या मुलखातला. आठवीत शाळा सुटली. कुणी काढलं नाही, कुणी मारलं नाही. रोवणीच्या दिवसांत घरी राहिलो तो राहिलोच. पुढे चुलतभावानं मला सोलापूरला आणलं. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत तो टॉवेलच्या कारखान्यात होता. त्यानं मला घडी घालण्याच्या खात्यात चिकटवलं आणि स्वतः काही महिन्यांतच सुरतेला निघून गेला. दोरीवर विसरलेल्या टॉवेलासारखा मी इथं मागे राहिलो.

मला काळजी करायला कारण लागत नाही. कुलूप लावून निघालो की कोपऱ्यावरून परत येतो आणि ओढून बघतो. कारखान्यात कुणी मालकांचं नाव नुसतं घेतलं तरी मला वाटतं, आपल्याला काढलं. अशा माणसाला परक्या गावात पोटभर जेवण आणि निवांत झोप मिळाली तर तो जन्मभर उपकार विसरत नाही. माझ्यावरचे ते उपकार अव्वांचे.

अव्वा म्हणजे आमच्या खानावळीच्या मालकीण. घर लिंगायत, अर्धं बोलणं मराठीत, अर्धं कन्नडमध्ये, आणि राग आला की सगळंच कन्नडमध्ये. कन्नडवाले त्यांना आई म्हणून अव्वा म्हणायचे, मागावरचे तेलुगू लोक आजी म्हणून अव्वा म्हणायचे, आणि माझ्यासारखे बाहेरचे दोन्ही समजून. खानावळीच्या वर पत्र्याची एक खोली होती, ती त्यांनी मला दिली. पहिल्या आठवड्यात मी कडक भाकरी तुकडे करून नुसती चघळतोय हे त्यांनी पाहिलं असावं. दुसऱ्या दिवसापासून माझ्या ताटात भाताची मूद यायला लागली. पंगतीतले म्हणाले, जावई आलाय वाटतं. मी लाजेनं मान खाली घालून तो भात खाल्ला आणि वर जाऊन रडलो. मग कडी लावली का ते बघून झोपलो.

वाचनाचं प्रकरण त्या वर्षीच्या उन्हाळ्यात सुरू झालं. अव्वांना कादंबऱ्यांचं वेड. त्यातही खून हवा, प्रेम हवं, कुणीतरी नाव बदलून राहिलेलं हवं. टीव्हीवरच्या मालिका त्यांना चालायच्या नाहीत. त्यात सगळ्यांना सगळं ठाऊक असतंय, फकस्त नवऱ्याला न्हाय, असं त्यांचं मत. पण डोळ्यांवर सायीसारखं काही धरलं होतं आणि अक्षर लागत नव्हतं. एकदा दुपारी भांडी आवरल्यावर त्यांनी मला विचारलं, वाचायला येतं का. मी खरं ते सांगितलं, आठवी.

“आठवी म्हंजे लई झालं की,” त्या म्हणाल्या. “खून कळायला चौथी बी पुरते.”

तेव्हापासून दर सुट्टीच्या दिवशी मी नवी पेठेच्या मागच्या गल्लीतल्या लायब्ररीत जायचो. कापडाच्या दुकानावर लाकडी जिना, वर एक लांबट खोली, आणि तिथं कपाटभर जुन्या कादंबऱ्या. लायब्ररीवाले वयस्कर गृहस्थ. त्यांना कुठलंही पुस्तक मागा, ते म्हणणार, “असेल बघा.” मी कपाटाच्या एका टोकाकडून सुरुवात केली आणि एकेक पुस्तक उचलत गेलो.

वाचायचो मी भयंकर. जोडाक्षर आलं की बैल चिखलात बसावा तसा बसायचो. “निर्” म्हणून अडकलो की अव्वा भुईमुगाच्या शेंगा फोडता फोडता पुढून “निर्विकार” म्हणायच्या आणि मी सुटायचो. मला वाटायचं, काय बुद्धी आहे या बाईंची, अर्ध्या शब्दावरून पुरा शब्द ओळखतात. तेच खुनी ओळखण्याचं. पुस्तक निम्म्यावरही आलेलं नसायचं, आणि कुणी साधा नोकर दार लोटून आत आला की अव्वा चटणी कुटायच्या थांबायच्या आणि म्हणायच्या, ह्यो. मी म्हणायचो, अव्वा, हा तर नुसता चहा घेऊन आलाय. त्या म्हणायच्या, बघ तू. आणि शेवटी तोच निघायचा. प्रत्येक वेळी. मी कारखान्यात सांगत सुटलो की आमच्या अव्वा पोलिसात असत्या तर सोलापुरात चोर राहिला नसता.

मला एकच घोर असायचा. त्या पुस्तकांत कुठं ना कुठं एखाद्या पानाच्या खालच्या कोपऱ्यात पिवळा डाग असायचा. टिकलीएवढा. मला वाटायचं, हे आपलंच. खानावळीत बसून वाचतो, हाताला वरणाची हळद राहते, लागलं असणार. लायब्ररीवाले रागावतील, आपल्याला यायची बंदी करतील, मग अव्वा म्हणतील, एवढं पुस्तक नीट सांभाळता येत न्हाय. म्हणून पुस्तक परत करायच्या आधी मी टॉवेलाचा ओला कोपरा घेऊन ते डाग पुसायचो. निघायचे नाहीत. जुनी हळद कुठली निघते. मग वाचायला बसण्याआधी मी साबणानं हात धुऊ लागलो. तरी पुढच्या पुस्तकात डाग होताच. कपाळाला हात लावला आणि जास्त साबण आणला.

असं वर्ष गेलं. मग एकदा अव्वांच्या हातून चहात साखरेऐवजी मीठ पडलं. माझ्या शेजारी बसणारे जॉबर, म्हणजे माग बिघडला की तो नीट करणारे, तेलुगू गृहस्थ, अव्वांच्या खानावळीचे सगळ्यात जुने जेवणारे. त्यांनी तो चहा एका घोटात संपवला आणि “छान झालाय” म्हणून उठून गेले. माझ्या लक्षात आलं की असं बऱ्याच दिवसांपासून चाललंय आणि पंगतीतला प्रत्येक जण अव्वांपासून काहीतरी लपवतोय. मी ज्या कादंबऱ्या वाचत होतो त्यातले लोक मालमत्तेसाठी लपवालपवी करायचे, आणि आमच्याकडे खारट चहासाठी.

पुण्याहून त्यांच्या मुलाचा फोन यायचा. फोन मोठ्या आवाजावर ठेवून बोलायची त्यांची सवय, त्यामुळे सगळं ऐकू यायचं. मुलगा म्हणत होता, मोतीबिंदू पिकलाय, डॉक्टरांनी सांगितलंय, एक तर ऑपरेशन कर, नाहीतर खानावळ बंद करून इकडे ये. अंधारात विस्तवाशी खेळू नको. मुलगा चांगला होता, खोटं काही बोलत नव्हता. अव्वा दोन्हीला नाही म्हणायच्या. पुण्यात माझ्या हाताला काम न्हाय, आणि डोळ्यात सुई मी घालून घेणार न्हाय. त्यांच्या लहानपणी गावाकडं कुणा आत्याचा डोळा असाच गेला होता म्हणे. चुलीतला निखारा हातानं उचलणारी बाई, पण डोळ्याचा विषय निघाला की पदर तोंडाला लावून बसायची.

मी जिन्यावर बसून हिशेब करायचो. डोळे गेले की खानावळ बंद. खानावळ बंद म्हणजे अव्वा पुण्याला. अव्वा पुण्याला म्हणजे माझी पत्र्याची खोली, भाताची मूद, दुपारचं वाचन, सगळंच गेलं. मला स्वतःचीच लाज वाटायची, बाईंचे डोळे चाललेत आणि हा भाताचा विचार करतोय. पण खरं तेच होतं. गोंदिया सोडल्यावर मला घर म्हणावं असं हे एकच ठिकाण मिळालं होतं.

त्याच दिवसांत ते पुस्तक हाती आलं. कव्हर गेलेलं, वर खाकी पुठ्ठा, नाव कुठंच नाही. लायब्ररीवाल्यांना विचारलं तर म्हणाले, नाव असेल बघा. गोष्ट मोठी झकास. डोंगरावरचा बंगला. म्हाताऱ्या मालकांना विष देऊन मारलंय. लहानपणी हरवलेला त्यांचा मुलगा वीस वर्षांनी परत आलाय, पण तो खरा मुलगा की कुणी तोतया, हे कुणालाच सांगता येत नाही. आणि म्हाताऱ्यांना पेपर वाचून दाखवायला ठेवलेली एक गरीब मुलगी त्याच्या प्रेमात पडलीय. शिवाय काळा चष्मा लावणारे एक डॉक्टर, गोड बोलणारे वकील आणि काहीच न बोलणारी मोलकरीण. मी दुसऱ्याच प्रकरणात त्या मुलीच्या बाजूनं झालो. ती पण दुसऱ्याच्या घरी वाचून दाखवूनच जेवत होती की.

यावेळी अव्वांनी खुनी ओळखला नाही. मी विचारलं तर म्हणाल्या, बघू की, वाच तू. मला जरा नवल वाटलं.

एका सुट्टीच्या दुपारी आम्ही शेवटाला आलो. सगळे दिवाणखान्यात जमले. बाहेर गाडी थांबल्याचा आवाज आला. वकिलांनी चष्मा काढून पुसला, परत घातला, त्या मुलाकडे पाहिलं आणि म्हणाले, आता खरं सांगायची वेळ आली. मी पान उलटलं. पुढे पुठ्ठा.

परत मागे आलो. परत उलटलं. पुठ्ठाच. शेवटची पानं गळून गेली होती, दोऱ्याची दोन टोकं तेवढी राहिली होती. पुस्तक मी आणलेलं. पानं माझ्याकडूनच हरवली असं वाटलं तर? अव्वा शेंगा फोडायच्या थांबल्या होत्या, तोंड माझ्याकडे करून वाट बघत होत्या. सांगायला पाहिजे होतं, पानं नाहीत. तोंड उघडलं, आणि त्यातून भलतंच बाहेर पडलं.

“पुढचं मी वाचणार नाही, अव्वा. डोळे करून या. मग शेवट तुम्हीच वाचा.”

हे मी बोललो यावर माझाच विश्वास बसेना. जन्मात मी कुणाला अशी अट घातली नव्हती. अव्वांनी हातातली शेंग सुपात टाकली. मग म्हणाल्या, “भात बंद करू का तुझा?”

मी म्हणालो, करा. आणि पुस्तक छातीशी धरून वर पळालो. वर जाऊन कडी लावली आणि दोनदा ओढून बघितली.

भात बंद झाला नाही, पण वेढा सुरू झाला. मी कामावर गेलो की अव्वा वरच्या खोलीत पुस्तक शोधायच्या, म्हणून मी ते डब्याच्या पिशवीत घालून कारखान्यात न्यायला लागलो. सगळी खळ, सगळे टॉवेलाचे तंतू त्यात शिरले. मग त्यांनी जॉबरना मध्ये घातलं. जॉबर रविवारी माझ्यासमोर येऊन बसले, घसा साफ केला आणि म्हणाले, पुस्तक दे, अव्वांना शेवट वाचून दाखवतो. मी हात जोडून म्हणालो, तुमची तर शाळा तेलुगूत झाली. ते म्हणाले, मला वाचता येत नाही हे अव्वांना कुठं माहीत आहे? अंदाजानं काहीतरी सांगेन. म्हणजे तेही माझ्यासारखेच थापाडे निघाले.

अव्वा माझ्याशी बोलेनाशा झाल्या. नेहमी मी दारात आलो की “ऊटा आतेनु?” म्हणून विचारायच्या, जेवलास का. ते बंद झालं. ताट तेवढं पुढे यायचं. त्या गप्प ताटानं माझा जीव अर्धा झाला. मी ठरवलं, उद्या खरं सांगून टाकायचं. आणि त्याच दिवशी, ताट पुढे सरकवताना, कुणाकडेही न बघता त्या म्हणाल्या, पोराला फोन लाव. म्हणावं, दवाखान्याचं बघ.

पंगतीतल्या सगळ्यांचे घास हातात राहिले. जॉबरांनी माझ्या पाठीवर अशी थाप मारली की मला ठसका लागला. मुलगा फोनवर रडला. आणि मी मात्र वर जाऊन भिंतीला डोकं टेकून बसलो, कारण आता तो शेवट कुठून तरी आणायलाच हवा होता.

लायब्ररीवाल्यांना पुस्तक दाखवलं. ते जराही गडबडले नाहीत. म्हणाले, ही अशीच जाते. लोक नेतात, आणून देतात, तक्रार कुणीच केली नाही. मी विचारलं, बिनशेवटाची? ते म्हणाले, अहो, बऱ्याच जणांना झोप लागते तोवर. मग माझा चेहरा बघून त्यांना दया आली. त्यांनी चार-पाच पुस्तकं काढून मला कोपरे दाखवले. एकात फुली, एकात पेनाचा ठिपका, एकात नखाची खूण. जुने वाचक वाचून झालेल्या पुस्तकावर आपापली खूण करतात म्हणाले, म्हणजे घरी नेल्यावर परत तेच निघालं असा घोटाळा होत नाही. या खुणांवरून त्यांना कोण काय वाचून गेलं ते कळायचं. पेनाच्या ठिपक्यावाले एक गृहस्थ टेंभुर्णीला राहायला गेले होते, त्यांच्याकडे याच पुस्तकाची दुसरी प्रत होती. जाऊन बघा, असेल.

मी रजा टाकून टेंभुर्णीला गेलो. हायवेच्या कडेला त्यांचं टायरचं दुकान. मालक ट्रकच्या चाकात डोकं घालून बसले होते. कादंबरी म्हटल्याबरोबर बाहेर आले, मला चहा पाजला, गोष्ट माझ्यापेक्षा रंगवून सांगितली. प्रत रद्दीत गेली होती. पण शेवट पक्का आठवतोय म्हणाले. मी जिवाचा कान करून ऐकू लागलो. खून डॉक्टरांनी केला. थांबा, डॉक्टर नव्हे, वकील. वकिलांची जुळी बहीण होती ना, ती. मी म्हणालो, जुळी बहीण यात नाही. ते विचारात पडले. म्हणाले, मग ती दुसरी. यात तो पारशी होता का? यात पारशीही नव्हता. निघताना त्यांनी माझा हात धरला आणि सांगितलं, तुम्हाला शेवट कळला तर मला जरूर कळवा.

ऑपरेशनच्या दिवशी अव्वांनी कपाळाला विभूती लावली, माझ्याकडे तोंड केलं आणि म्हणाल्या, पुस्तक आणलंस नव्हं? मी म्हणालो, आणलंय. पिशवीत होतंच. मुलगा पुण्याहून आला होता, तो त्यांना आत घेऊन गेला. मी बाहेर बाकड्यावर बसलो. तोवर सगळा खेळ वाटला होता. दार बंद झालं आणि मला कळलं की आत्याचा डोळा गेला तसं काही झालं तर ते माझ्या थापेपायी होणार आहे. मी आमच्या गावच्या देवीला नवस बोललो, मग इथल्या सिद्धरामेश्वरांना बोललो, आपली देवी इतक्या लांब ऐकेल की नाही कोण जाणे. जॉबर माझ्या शेजारी बसून होते. ते एवढंच म्हणाले, “माग बंद पडला म्हणून कुणी मेलं न्हाई अजून. चालू हुतो.”

माग चालू झाला. अव्वा काळा चष्मा लावून चालत बाहेर आल्या. अगदी त्या कादंबरीतल्या डॉक्टरांसारख्या. मी त्यांच्या पाया पडलो तर म्हणाल्या, सुम्न कूड, म्हणजे गप बस.

डॉक्टरांनी काही दिवस वाचायचं नाही असं बजावलं होतं. ते ऐकून मी मनातून उड्या मारल्या. वाचायचं नाही म्हणजे शेवट मीच वाचून दाखवायचा, आणि शेवट मीच वाचायचा तर तो पुस्तकात असायची काय गरज? टॉवेलाच्या घड्या घालता घालता मी सगळं जुळवलं. मोठा विचार करून जुळवलं.

मुलगा पुण्याला परत गेल्यावर, दुपारची पंगत उठल्यावर, अव्वा त्यांच्या नेहमीच्या जागी बसल्या. काळा चष्मा, पाय पसरलेले, सुपात शेंगा. मी समोर बसून पुस्तक उघडलं, पुठ्ठ्याशी. आणि वाचायला लागलो. काय वाचलं म्हणून सांगू. एका जोडाक्षराला अडलो नाही. वकिलांना मी बोलतं केलं. मुलगा खरा निघाला, तोतया नव्हे. त्याला खोटा ठरवायचं माझ्या जिवावर आलं. त्यानं त्या मुलीचा हात धरला. मुक्या मोलकरणीला वाचा फुटली, ती देवळात पळाली. आणि खून? खून झालाच नव्हता. म्हाताऱ्या मालकांच्या डोळ्यात मोतीबिंदू पिकला होता, त्यांनी ऑपरेशन टाळलं होतं, आणि अंधुक दिसत असल्यानं खोकल्याचं औषध म्हणून त्यांनीच उंदराच्या औषधाची बाटली तोंडाला लावली होती. वकिलांनी टेबलावर हात आपटला आणि म्हणाले, वेळेवर डोळे केले असते तर हे घर वाचलं असतं. समाप्त.

मी पुस्तक मिटायला गेलो. माझ्याच वाचनानं मी भारावलो होतो.

अव्वा म्हणाल्या, “पान तरी उलट की रं. मघापासनं एकाच पुठ्ठ्यावर वाचाय लागलाईस.”

मी वर पाहिलं. त्यांनी चष्मा नाकावर खाली ओढला होता आणि वरून माझ्याकडे बघत होत्या. नुसतं तोंड माझ्याकडे केलं नव्हतं, बघत होत्या. माझ्या शर्टाचं तुटलेलं बटण, हातातला पुठ्ठा, सगळं त्यांना दिसत होतं. इतका घोर लावून घेणाऱ्या मला एवढंच सुचलं नव्हतं की ऑपरेशन झालेल्या बाईला दिसतं.

“म्हंजे खुनी मोतीबिंदू?” त्या म्हणाल्या. “जन्मभर असली पुस्तकं वाचली. हा खुनी कुटं भेटला नव्हता.”

आणि हसायला लागल्या. सूप कलंडलं, शेंगा अंगणभर झाल्या, तरी हसतच होत्या. मी रडवेला होऊन पानं गळाल्याचं, टेंभुर्णीचं, सगळं सांगायला लागलो. त्यांनी हातानंच थांबवलं आणि पुस्तक घेतलं. मधलं एक पान काढलं आणि खालच्या कोपऱ्यावर बोट ठेवलं. तिथं तो पिवळा डाग. मी म्हणालो, ते माझ्याकडूनच, वरणाचं. अव्वांनी आतून हळदीचा डबा आणून त्यात बोट बुडवलं आणि त्या डागाच्या शेजारी टेकवलं. दुसरा डाग उठला, अगदी त्याच्यासारखा, नवा.

त्यांची खूण होती ती. लग्न होऊन या घरात आल्या तेव्हा सासूच्या नजरेआड पुस्तकं वाचायच्या; पेन कुठला असायला, म्हणून हळदीचं बोट. ते आख्खं कपाट त्यांनी कधीच वाचून काढलं होतं. मी वर्षभर जी जी पुस्तकं वाचून दाखवली ती सगळी त्यांची वाचलेली. म्हणून जोडाक्षरं पुढून यायची. म्हणून चहा घेऊन येणारा नोकर दारातच सापडायचा. आणि मी टॉवेलाचा ओला कोपरा घेऊन त्यांच्या खुणा घासत बसलो होतो.

“मग या पुस्तकातला खुनी का नाही सांगितला?” मी विचारलं.

“ह्या पुस्तकाची पानं माझ्या हातातच सैल झाली हुती. म्हटलं, ती असतील का न्हाय ते बघू. तू पान मागं-फुडं उलटाय लागलास, तवाच आवाजावरनं कळलं, न्हाईत.”

म्हणजे त्यांना माझी थाप पहिल्या क्षणीच कळली होती. शेवटही ठाऊक होता. मग त्या डोळ्यात सुई घालून घ्यायला गेल्याच कशाला? मी ते विचारलं. अव्वा खाली सांडलेल्या शेंगा वेचायला लागल्या, एकेक, बघून बघून.

“पुस्तकातलं मला ठाव हुतं,” त्या म्हणाल्या. “तुझं न्हवतं ठाव. ह्यो भित्रा गडी आता ह्यातनं कसा सुटतोय, ते बघायचं हुतं. आन् बघायचं म्हंजे डोळं पायजेत की.”

मी पण खाली बसून शेंगा वेचायला लागलो. बराच वेळ आम्ही दोघं वेचत होतो. सूप भरत आलं तेव्हा मी विचारलं, मग खून केला कुणी? आणि तो मुलगा खरा की खोटा?

अव्वांनी चष्मा वर ढकलला.

“सांगते की,” त्या म्हणाल्या. “दहावी पास हो. मग सांगते.”

मी म्हणालो, मला आता कुठली दहावी, मी आठवीत शाळा सोडलेला माणूस. त्या म्हणाल्या, भात बंद करू का? आणि हे सांगताना त्यांनी तोच आवाज काढला जो मी शेवट अडवून ठेवताना काढला होता. मला माझं हत्यार ओळखू आलं.

बाहेरून दहावीला बसलो. मराठीत चांगले मार्क पडले. जोडाक्षरांत आता कुणी मला अडवू शकत नाही. बाकीचेही विषय सुटले. गणित राहिलंय. टेंभुर्णीच्या मालकांचा अधूनमधून फोन येतो, काही कळलं का म्हणून. मी म्हणतो, गणितात अडलंय. ते बिचारे काही न समजता हळहळतात.

अव्वा आता स्वतःच वाचतात. चहात साखरच पडते. मी शेजारून गेलो की पानावर हात ठेवतात, उगीचच, मला चिडवायला. मी अंदाज सांगत राहतो. वकील? त्या पान उलटतात. मोलकरीण? त्या चष्मा पुसतात. काल मी म्हणालो, अव्वा, निदान तो खरा होता का तेवढं तरी सांगा, त्या पोरीचं काय झालं ते कळलं तर माझं अभ्यासात लक्ष लागेल. त्यांनी पुस्तकातून डोळे वर केले, माझ्याकडे नीट पाहिलं आणि विचारलं, “त्रिकोणाचं झालं का?”

नव्हतं झालं. वही घेऊन मी त्यांच्यासमोर बसलो.